हसणारा नोकर: १८९६ सालच्या एका पत्त्यांच्या डावाचं प्रकरण

बागेत एक लहानसं टेबल. दोघेजण समोरासमोर बसून पत्ते खेळताहेत, तिसरा त्यांच्या सोबतीला बसलाय. नोकर ट्रेमधून बिअर आणि ग्लास घेऊन येतो, तिसरा माणूस बिअर ओततो, आणि टेबलाशी उभा असलेला नोकर हसत सुटतो. वाकून, हातवारे करून, अगदी पोट दुखेस्तोवर. फिल्म संपते. सगळा मामला एका मिनिटाच्या आतला.

सिनेमाच्या अगदी सुरुवातीला फिल्म्स काढणाऱ्या फ्रेंच ल्युमिएर भावांपैकी लुईच्या या फिल्मचं नाव ‘पार्ती देकार्ते’, म्हणजे एकार्ते नावाच्या पत्त्यांच्या खेळाचा एक डाव. जुन्या पुस्तकांत तिचं साल १८९५ दिलेलं सापडतं, हल्ली १८९६ धरतात. चित्रण दक्षिण फ्रान्सच्या किनाऱ्यावरच्या ला सिओता गावात झालं. स्टेशनात शिरणाऱ्या आगगाडीची ल्युमिएरांची सुप्रसिद्ध फिल्म याच गावातली. आगगाडीला जगभर कीर्ती मिळाली आणि पत्त्यांचा डाव सिनेमाच्या इतिहासात एका वाक्यापुरता उरला. मला मात्र सिनेमातल्या विनोदाचा विचार करताना हाच नमुना जास्त उपयोगी वाटतो, कारण इथे हसणं भरपूर आहे पण विनोद कुठे दिसत नाही. नोकर कशाला हसतोय, ते शेवटपर्यंत कळत नाही.

टेबलाभोवती कोण आहेत

ही मंडळी भाड्याची नटमंडळी नव्हती. सिगार पेटवणारे गृहस्थ म्हणजे आंत्वान ल्युमिएर, लुई आणि ऑगुस्त या भावांचे वडील. मूळचे चित्रकार, मग छायाचित्रकार, मग ल्यों शहरातल्या फोटोच्या काचांच्या मोठ्या कारखान्याचे मालक. ला सिओतामधली ‘क्लो दे प्लाज’ ही बागबगीच्याची मालमत्ता त्यांचीच. बिअर ओतणारे आल्फोंस विंकलर हे लुईचे सासरे. लुईचेच नव्हे, ऑगुस्तचेही. दोघा भावांनी विंकलरांच्या दोन मुली केल्या होत्या, आणि ल्युमिएरांच्या दोन मुली विंकलरांच्या घरात दिल्या होत्या. असं दुहेरी साटंलोटं आपल्याकडेही पूर्वी सर्रास व्हायचं. तर हे विंकलर ल्योंचे नावाजलेले बिअर उत्पादक. व्याही व्याह्याच्या बागेत बसलाय आणि आपल्याच धंद्यातला माल सगळ्यांना ओतून देतोय, हे ज्याला ठाऊक त्याला फिल्ममधला तो क्षण वेगळाच दिसतो.

पत्ते वाटणारा माणूस सगळ्यात गमतीचा. फेलिसियां त्रेवे हा त्या काळचा मोठा जादूगार आणि कसरतबाज. हातांच्या सावल्यांनी माणसं-प्राणी उभे करायचा, फेल्टच्या एका गोल कडीला पिळे देऊन भराभर वेगवेगळ्या टोप्या करून दाखवायचा, थिएटरात पत्ते लांबवर भिरकावण्यात त्याचा हातखंडा. २० फेब्रुवारी १८९६ रोजी लंडनमध्ये ल्युमिएरांच्या सिनेमॅटोग्राफचा, म्हणजे त्यांच्या फिल्म-यंत्राचा, खेळ सुरू केला तो यानेच. अशा माणसाच्या हातात पत्त्यांचा कॅट द्यायचा आणि त्याने तो निमूटपणे, सरळ वाटायचा! ज्या प्रेक्षकांनी त्रेवेला रंगमंचावर पाहिलं होतं त्यांना यातच गंमत वाटली असेल. ही गंमत आज पूर्ण हरवली आहे. फिल्म उरली, पण ती समजायला लागणारी ओळख गेली.

आणि नोकर? तो खरोखरच घरातला नोकर होता. लुई ल्युमिएरने म्हातारपणी सांगितलेल्या आठवणींनुसार हा गडी अस्सल दक्षिणेकडचा, मोठा थट्टेखोर, त्याच्या बोलण्याने घरची मंडळी हसत असत. म्हणजे रोज जो मालकांना हसवायचा तो इथे स्वतः हसतोय.

खेळ दोघांचा, टेबलाशी तिघे

मराठी वाचकाला इथे एक प्रश्न पडायला हवा. तिघे बसलेत तर तिघांचा डाव का नाही? कारण एकार्ते हा दोघांचाच खेळ. कॅटमधली सत्तीखालची सगळी पानं काढून टाकायची, बत्तीस उरतात. आपल्या तीनशेचारलाही बत्तीसच पानं लागतात, आणि तिथे जसा गुलाम सगळ्यांच्या डोक्यावर बसतो तसा एकार्तेत राजा. राजा, राणी, गुलाम, आणि बिचारा एक्का त्यांच्याही खाली. प्रत्येकी पाच पानं वाटून अकरावं पान उघडं टाकलं की हुकूम ठरला. ते पान राजाचं निघालं तर वाटणाऱ्याला आयता एक गुण. नको असलेली पानं टाकून नवी मागता येतात, समोरचा कबूल झाला तर. पाच गुण झाले की डाव संपला.

या खेळाची खरी रंगत बघ्यांमुळे. एकोणिसाव्या शतकातल्या फ्रेंच बैठकांत एकार्तेच्या टेबलाभोवती उभे असलेले लोकही पैसे लावत, आणि ज्याच्यावर पैसे लावले त्याला सल्ला देण्याची त्यांना मुभा असे. म्हणजे न खेळणारा माणूसही खेळात असतो, तोंडाने आणि खिशाने. विंकलर बाजूला बसलेत ते याच परंपरेतले. त्यांचे हात मोकळे आहेत, म्हणूनच बिअर ओतायचं काम त्यांच्याकडे येतं. दिग्दर्शनाची म्हणून जी काही बुद्धी इथे दिसते ती या बारीकशा योजनेत आहे. खेळाच्या नियमांतूनच प्रत्येकाला करायला काहीतरी मिळालं: एकाला वाटायला पत्ते, एकाला पेटवायला सिगार, एकाला ओतायला बाटली.

अडचण

आता कॅमेऱ्याच्या बाजूने पाहू. सिनेमॅटोग्राफ म्हणजे तिकाटण्यावर ठेवलेली लाकडी पेटी. हँडल हाताने फिरवायचं, सेकंदाला सोळा चित्रं या अंदाजाने. रीळ सुमारे सतरा मीटरचं, ते पन्नास सेकंदांच्या आसपास संपणार. मध्ये तोडणं-जोडणं नाही, कॅमेरा हलवणं नाही, जवळ जाणं नाही. आवाज तर नाहीच. फिल्मला प्रकाश भरपूर लागायचा, त्यामुळे दिवाणखान्यातली बैठक टिपायची तरी टेबल-खुर्च्या बागेत आणाव्या लागत. त्या वर्षांतल्या फ्रेंच फिल्म्समध्ये माणसं सारखी उघड्यावर खाता-पिताना दिसतात याचं निम्मं कारण हे आहे. घरोघरी तशी चाल होती असं समजून कोणी समाजशास्त्र लिहायला बसू नये.

चार माणसं एकत्र जमल्यावर हशा कशातून पिकतो? पत्त्यांच्या बाबतीत तीन गोष्टींतून: कुणाच्या हातात काय आलं, कुणाचे पैसे गेले, आणि कोण काय बोललं. यातली एकही गोष्ट या कॅमेऱ्याला पकडता येत नाही. पानं दिसतात, पण त्यांवरचे ठिपके दिसत नाहीत. कोण जिंकतंय कळत नाही. बोलणं ऐकू येत नाही. बैठकीतला सगळा रस ज्या वाटांनी बाहेर येतो त्या वाटाच बंद.

ल्युमिएरांकडे विनोदाचा दुसरा नमुना तयार होता. बागेत पाणी घालणाऱ्या माळ्याच्या नळीवर पोरगा पाय देतो, पाणी थांबतं, माळी नळीच्या तोंडात डोकावतो, पोरगा पाय काढतो आणि माळ्याच्या तोंडावर फवारा. २८ डिसेंबर १८९५ ला पॅरिसच्या ग्रँड कॅफेत झालेल्या पहिल्या तिकीट-खेळात ही फिल्म होती. तिला आवाजाची गरज नाही, कारण-परिणाम सगळं डोळ्यांपुढे. त्याच खेळात दुसऱ्या टोकाची फिल्मही होती, बाळाला भरवणारे ऑगुस्त आणि त्याची बायको. तिच्यात विनोद नाही, तक्रार नाही, घरगुती गोडवा तेवढा. प्रेक्षक म्हणे मागच्या झाडांची हलणारी पानं पाहूनच हरखले.

पत्त्यांचा डाव या दोहोंच्या मधोमध अडकतो. बाळाच्या जेवणासारखं घरगुती चित्र घ्यायचंय आणि माळ्याच्या फिल्मसारखं हसवायचंय, पण नळीवर पाय द्यायला कोणी नाही.

तोडगा

तोडगा म्हणजे नोकर. इथे जरा थांबून पाहायला हवं.

तिघे बसलेले आहेत. बसलेल्या माणसाजवळ कॅमेऱ्यासाठी फक्त हात उरतात, तोंड तर लांबून नीट दिसतही नाही. नोकर उभा आहे. त्यामुळे अख्ख्या चौकटीत पूर्ण शरीर वापरता येईल असा हा एकटाच. तो ट्रे टेबलावर ठेवतो तेव्हाच त्याचं काम संपतं. ट्रे ठेवला की नोकराने जायचं असतं. हा जात नाही. टेबलाशी रेंगाळतो, डाव बघतो, आणि मग हसायला लागतो, हात हवेत, कंबरेत वाकून. मालक मंडळी त्याच्याकडे फारसं लक्षही देत नाहीत, डाव चालू आहे, बिअर ओतली जातेय. ज्याचा खेळाशी काडीचा संबंध नाही, ज्याने पैसे लावलेले नाहीत, तो सगळ्यांत जास्त रंगलाय.

मला वाटतं ही चाल दिसते तितकी भाबडी नाही. नोकर प्रेक्षकाचं काम करतो. प्रेक्षकाला पानं दिसत नाहीत, पण पानं बघू शकणारा कोणीतरी हसतोय हे दिसतं, म्हणजे तिथे हसण्यासारखं काही असलं पाहिजे. पुढे टीव्हीवाल्यांनी मालिकांत रेकॉर्ड केलेला हशा पेरला तो याच हिशेबाने. फरक एवढाच की इथे हशा ऐकू येत नाही, दिसतो.

दुसरीही बाजू आहे, आणि ती मला जरा खुपते. चौकटीत चार माणसं, त्यांतल्या तिघांचा आब राखलाय आणि वेडंवाकडं होण्याची जबाबदारी चौथ्यावर टाकली आहे. व्याही हसून लोळत नाहीत. मालक हसून लोळत नाहीत. संस्कृत नाटकातल्या विदूषकापासून आपल्या जुन्या फार्समधल्या गड्यापर्यंत ही व्यवस्था सगळीकडे तशीच, त्यामुळे एकट्या ल्युमिएरांना दोष देण्यात अर्थ नाही. पण हौसेने घरगुती चित्र टिपणाऱ्या माणसाच्या हातूनही घरातली उतरंड किती सहज टिपली जाते, ते इथे उघडं पडतं.

याच प्रांतात, याच दशकात, एक्स-आं-प्रोव्हांस गावाच्या परिसरात चित्रकार पॉल सेझानने पत्ते खेळणाऱ्यांची आपली चित्रमालिका रंगवली. तिथेही टेबल, पत्ते, बाटली. पण ते शेतमजूर आहेत, आणि कोणीही हसत नाही. एकाने दुसऱ्याचं पाहिलं असेल असं सुचवायचं नाही. फक्त शेजारी ठेवून बघावीत इतकी ती जवळ आहेत.

उलटा परिणाम: निझ्नी नोवगोरोद

या फिल्मबद्दल सर्वांत मोलाची साक्ष आहे ती एका रशियन बातमीदाराची. १८९६ च्या उन्हाळ्यात निझ्नी नोवगोरोदला मोठं अखिल रशियन प्रदर्शन भरलं होतं. तिथे शार्ल ओमों नावाच्या फ्रेंच माणसाच्या कॅफेत ल्युमिएरांचे खेळ चालत. स्थानिक वर्तमानपत्रात लिहिणारा अठ्ठावीस वर्षांचा तरुण ते पाहून आला आणि त्याने लेख लिहिला. तो तरुण म्हणजे पुढे मोठा लेखक झालेला मॅक्झिम गॉर्की.

गॉर्कीला हा डाव मुळीच विनोदी वाटला नाही. त्याला खेळणाऱ्यांचे चेहरे ताणलेले दिसले, बोटांच्या थरथरीत पैशाची हाव दिसली. मग ते एकाएकी हसू लागले, बिअर आणलेला वेटरही हसू लागला, पोट फुटेल इतकं हसले, आणि आवाज मात्र एकही नाही. त्याने लिहिलं ते थोडक्यात असं: ही माणसं मेलेली असावीत आणि त्यांच्या सावल्यांना अनंत काळ मुक्यानेच पत्ते खेळत बसण्याची शिक्षा झाली असावी.

तपशिलात गॉर्की चुकला होता. हाव कसली, सुटीत निवांत बसलेले व्याही आणि त्यांचा जादूगार दोस्त. पण त्याला तोंडओळख नव्हती, आणि फिल्ममध्ये ती करून द्यायची सोय नव्हती. ल्युमिएरांच्या घरात ही फिल्म दाखवली असती तर हशा उसळला असता, कारण तिथे नोकराचे विनोद सगळ्यांच्या कानांत होते. शेकडो कोस दूर, परक्या माणसाला फक्त थरथरणारं तोंड दिसलं. नोकराकडून प्रेक्षकाला हसवून घेण्याची युक्ती इथे सपशेल उलटली: आवाजाशिवाय केलेलं मोठं हसणं भेसूर दिसतं. हळू स्मित केलं असतं तर चाललं असतं, पण लांबून स्मित दिसणार कसं? म्हणून मोठं हसावं लागलं. अडचण आणि तिचा उपाय, दोन्हींनी मिळून घात केला.

आज इंटरनेटवर ही फिल्म बहुधा खेळकर पियानोसकट भेटते. पियानो बंद करून पाहा. गॉर्कीचं म्हणणं पटायला वीस सेकंदही लागत नाहीत.

गॉर्कीचा लेख रशियन पंचांगाप्रमाणे ४ जुलैचा, म्हणजे आपल्या कॅलेंडरने १६ जुलै. त्याच्या नऊ दिवस आधी, ७ जुलै १८९६ ला, मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएरांचा प्रतिनिधी मारियुस सेस्तिए याने एक रुपया तिकीट लावून ल्युमिएरांच्या फिल्म्स दाखवल्या. पहिल्या दिवशीच्या सहांमध्ये आगगाडी होती, समुद्रस्नान होतं, भिंत पाडणं होतं, कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार होते. पत्त्यांचा डाव नव्हता. मुंबईच्या पहिल्या प्रेक्षकांपुढे हलतं जग आलं, पण कुणाच्या बागेतली खासगी बैठक आली नाही. सावे दादा, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, यांनीही पुढे कॅमेरा मागवून पहिल्यांदा टिपली ती हँगिंग गार्डनमधली कुस्ती. तिथे कोण जिंकलं ते लांबूनही दिसतं.

दुरुस्ती: मोंत्रेयची बाग

ग्रँड कॅफेतल्या २८ डिसेंबरच्या त्या खेळाला ल्युमिएरांच्या निमंत्रितांत पॅरिसच्या रॉबेर-हुदँ थिएटरचा मालक जॉर्ज मेलिएस होता, तोही जादूगारच. खेळ पाहून त्याने यंत्रासाठी दहा हजार फ्रँक देऊ केले. नाही म्हणणारे होते आंत्वान ल्युमिएर, म्हणजे आपले सिगारवाले गृहस्थ. मेलिएस मग लंडनला गेला, रॉबर्ट पॉल या यंत्रं बनवणाऱ्याकडून प्रोजेक्टर विकत घेतला आणि त्याचं तंत्र उलटवून कॅमेरा बनवला. १८९६ मध्ये पॅरिसजवळ मोंत्रेयच्या आपल्या बागेत त्याने पहिली फिल्म केली. विषय? पत्त्यांचा डाव. नकार देणाऱ्या माणसाच्याच फिल्मची सहीसही नक्कल. त्याच्या कॅटलॉगमध्ये तिला क्रमांक एक आहे.

सहीसही म्हटलं तरी नक्कल पूर्ण नाही, आणि प्रकरणाच्या दृष्टीने महत्त्वाचं ते इथेच. मेलिएस स्वतः टेबलाशी बसला आहे. एक लहान मुलगी येते, ती त्याची मुलगी जॉर्जेट. तिला पाठवून बाईला बोलावलं जातं, ती पेयं घेऊन येते. आणि एकाच्या हातात वर्तमानपत्र आहे. तो त्यातलं काहीतरी वाचून दाखवतो आणि सगळे हसतात.

वर्तमानपत्र ही मेलिएसची दुरुस्ती. ल्युमिएरांच्या फिल्ममध्ये हसण्याला दिसणारं कारण नव्हतं, याने ते दिलं. बातमी काय होती ते आपल्याला कळत नाही, पण हशा कुठून आला ते बोट दाखवून सांगता येतं. नाटकवाल्याचं डोकं आहे ते. रंगमंचावर विनाकारण हसणाऱ्याला प्रेक्षक माफ करत नाहीत, हे त्याला रोजच्या धंद्यातून माहीत होतं.

तरीही नक्कल जास्त शहाणी आणि मूळ फिल्म जास्त मजेदार, असंच माझं मत आहे. मेलिएसकडे हसणारे सगळे एकाच वर्तुळातले. एकाने वाचलं, बाकीचे हसले, हिशेब चुकता. ल्युमिएरांकडे हसणारा वर्तुळाबाहेरचा आहे, त्याला तिथे थांबायचंच नव्हतं, आणि मालक त्याच्याकडे बघत नाहीत. त्यातला अवघडलेपणा शंभर वर्षांनंतरही टिकून आहे. मेलिएसने प्रश्न सोडवला आणि त्याबरोबर प्रश्नातली धारही गेली.

मेलिएसला बहुधा हे उमगलं असावं. बागेतल्या बैठका त्याने लवकरच मागे टाकल्या. त्याच वर्षी त्याने कॅमेरा थांबवून, माणूस काढून, पुन्हा चालू करून बाई गायब करून दाखवली, आणि १८९७ मध्ये मोंत्रेयला काचेचं स्टुडिओघर बांधलं. पत्त्यांकडे तो परतला १९०५ मध्ये, ‘जिवंत पत्ते’ नावाच्या फिल्मसाठी. त्यात जादूगार पान मोठं करत नेतो, बदामची राणी पानातून बाहेर येऊन चालू लागते. इथे पानावरचे ठिपके शेवटच्या रांगेतल्यालाही दिसतात, कारण पान माणसाएवढं आहे.

फिल्म क्लबात किंवा वर्गात या प्रकरणावर चर्चा घ्यायची असेल तर क्रम असा ठेवावा: आधी ल्युमिएरांचा डाव, पूर्ण शांततेत, टेबलाशी कोण आहे ते न सांगता. लोकांना विचारावं, काय पाहिलं? मग व्याही, जादूगार आणि नोकराची ओळख करून देऊन तीच फिल्म पुन्हा. मग मेलिएसची. पियानो सगळ्यात शेवटी, आणि तोही कुणी मागितला तरच.